गंगेचा वेग काढणारे मास्तर

थोरल्या मास्तरांना कुणी वय विचारलं की ते म्हणायचे, "आठ वर्षांनी मी आठ वर्षांपूर्वीच्या माझ्या दीडपट होईन." विचारणारा माणूस तंबाखू मळायची विसरून आभाळाकडे बघत राहायचा आणि पुन्हा त्यांच्या वाटेला जायचा नाही. मी शाळेत रुजू झालो त्या दिवशी मलाही हेच उत्तर मिळालं होतं. ते सोडवायला मला चार महिने लागले. चाळीस! अहो, सरळ चाळीस म्हणाले असते तर काय बिघडलं असतं?

पण सरळ बोलणं त्यांच्या रक्तात नव्हतं. आठवडी बाजारात वांगीवालीसमोर ते वाकून उभे राहत आणि म्हणत, "मावशी, मी तुमच्या निम्म्या वांग्यांवर अजून तीन उचलली आन् पाटीत सात उरली, तर आधी किती व्हती?" मावशी म्हणायची, "मास्तर, घ्यायची तर घ्या, न्हाई तर सावली सोडा." मग ते स्वतःच आनंदानं ओरडत, "वीस!" आणि एकही वांगं न घेता पुढच्या पाटीकडे सरकत. घरी मास्तरीणबाईंनी भाकरी किती टाकू असं विचारलं, तर उत्तर यायचं, "टाकशील त्याच्या निम्म्या आन् वर एक." त्या माउलीनं पहिल्या वर्षी कपाळाला हात लावला असेल. मी पाहिलं तेव्हा मात्र त्या बराबर दोन भाकरी थापून मोकळ्या होत. सगळ्या गावात समीकरण सोडवता येणारी दोनच माणसं होती, आणि त्यातलं एक चुलीपुढं बसलेलं होतं.

आमचं गाव शहागडच्या जवळ, गंगेच्या काठावर. नकाशात गोदावरी म्हणतात ती आमच्याकडे गंगाच. निजामाचं राज्य होतं, कारभार सगळा उर्दूत. शाळेत मास्तर दोनच, ते आणि मी. ते मूळचे कुंभार पिंपळगावकडचे, चांगल्या शेतीवाडीतले. त्यांना गाव थोरले मास्तर म्हणायचं आणि मला बारके मास्तर. मी बावीस वर्षांचा, हसनाबादेकडून आलेला. शेतावर राहायचं नाही म्हणून वडिलांशी भांडून निघालो होतो. निघताना वेशीत उभा राहून "आता नांगराला हात लावायला मी परत येणार न्हाई" असं चार माणसांत म्हणून बसलो होतो. तरुण रक्त, दुसरं काय!

माझी मास्तरकी मात्र कच्ची होती. ती पक्की व्हायला सरकारी परीक्षा पास व्हावी लागे, आणि त्या परीक्षेला तीनदाच बसता येई. मी दोनदा बसलो होतो आणि दोन्ही वेळा गणितात आपटलो होतो. आता तिसरी खेप. तीतही आपटलो की नोकरी गेली, आणि पुढं हसनाबादची वाट, तीच वेस, तीच चार माणसं.

बेरीज-वजाबाकी मला येत होती. घात व्हायचा तो शाब्दिक उदाहरणांत. उदाहरण वाचलं की माझं मन त्यातल्या माणसांकडेच जायचं. 'एका माणसानं आपल्या तीन मुलांना आंबे वाटले' असं आलं की मला वाटायचं, यांची आई कुठं गेली? तिला एकही आंबा नाही? 'एका धनगराची काही मेंढरं लांडग्यानं नेली' इथं तर मी धनगराच्या दुःखातच बुडून जायचो. त्यात हे सगळं उर्दूतून. एका दुपारी शाळा सुटल्यावर मी हे सगळं थोरल्या मास्तरांपुढं कबूल केलं. वाटलं, हसतील. पण ते गर्रकन वळले, पायातली वहाण शोधायला लागले आणि म्हणाले, "आरं वा! म्हंजे तुम्ही वाचता. बाकीचे नुसते आकडे येचतात. चला."

"कुठं?"

"कुठंबी. बसून गणित येत न्हाई."

हा माणूस कधी बसायचाच नाही. वर्गात फिरायचा, जेवताना उभा राहून पाणी प्यायचा, पारावर गप्पांना आला तरी पाराला प्रदक्षिणा घालत बोलायचा. माझी शिकवणी झाली ती अशी, त्यांच्या मागं धापा टाकत. हातात काठी, खाली धूळ. धूळ हीच त्यांची पाटी.

पहिल्या दिवशी त्यांनी धुळीत एक 'प' काढला. "ह्यो पाहुना. उदाहरनात जे ठावं न्हाई ते ह्यो. आता सांगा, दारात पाहुना आला तर आल्या आल्या त्याला नाव पुसता का?"

"न्हाई."

"काय करता?"

"पाय धुवायला पाणी देतो. मग गूळपाणी. बसायला घोंगडी टाकतो."

"बराबर! मंग ह्याला बघितल्या बघितल्या 'तू किती, तू किती' असं का करता? आधी वाक्यात नीट बसवा. त्याच्या भवतालची गर्दी एकेक करून घालवा. एकटा ऱ्हायला की ह्योच नाव सांगतो."

मग त्यांनी दोन आडव्या रेघा मारल्या. बरोबरची खूण. "ह्यो आंतरपाट. इकडं नवरीकडची मंडळी, तिकडं नवऱ्याकडची. आता मानपान सांभाळायचा. इकडच्याला टोपी दिली की तिकडच्यालाबी टोपी. इकडून एक उठवला की तिकडूनबी एक उठवायचा. एका बाजूला जरा कमी पडलं की संपलं, वरात माघारी."

मला लहानपणापासून घोकून घेतलं होतं की पलीकडे गेलं की अधिकाचं उणे होतं. का होतं, ते कुणी सांगितलं नव्हतं. मी तोंडातून तसं म्हटलं की थोरले मास्तर काठी आपटत. "पलीकडं कोन जात न्हाई! दोन्हीकडून उठवलं म्हना!" आणि खरं सांगतो, पंधरा दिवसांत माझी भीती पळाली. उर्दूतलं उदाहरण आलं तरी ते म्हणायचे, भाषा हा नुसता अंगरखा, खुंटीला टांगा आणि आतला माणूस बघा. मी बघायला लागलो. दिसायला लागला! रस्त्यानं जाताना मला गुरांच्या कळपात, केळीच्या घडांत, सगळीकडे पाहुणे दिसायला लागले. मला झोपेतसुद्धा मजा वाटायची.

तरी एक बोच होती. सगळी समीकरणं मांडायचे ते. मी फक्त सोडवायचो. पहिलं वाक्य माझ्या हातून उतरतच नव्हतं. परीक्षा वीस दिवसांवर आली. माझी उतरलेली मान बघून ते एका सकाळी म्हणाले, "पुस्तकातली नाव लई झाली. आज खऱ्या नावंत बसू."

घाटावर भोईमामांची नाव होती. मामांचं आयुष्य गंगेवर गेलेलं; हात वल्ह्यांसारखेच लांब आणि बोलणं थोडं. थोरल्या मास्तरांनी त्यांना सांगितलं, "मामा, आज गंगेचा वेग काढायचाय."

मामा म्हणाले, "काढून कुठं ठिवनार?"

बेत असा होता. आधी वरच्या डोहात, जिथं पाणी हलत नाही, तिथं मामांनी नाव वल्हवायची. काठावर मास्तरांनी पावलं टाकून दोनशे पावलांवर खुंटी मारली. नावेला पाच मिनिटं लागली. म्हणजे मामांच्या हाताचा वेग मिनिटाला चाळीस पावलं. मग वाहत्या पाण्यात, घाटापासून खाली बाभळीपर्यंत जायचं आणि तिथून परत घाटावर यायचं. जाताना गंगा मदत करणार, येताना अडवणार. किती मदत नि किती अडवणूक, तो पाहुणा.

आम्ही दोघं नावेत बसलो. म्हणजे मी बसलो, मास्तर उभेच. त्यांच्या हातात साखळीचं घड्याळ, आणि डोळे असे त्या काट्याला चिकटलेले की शेजारून मगर गेली असती तरी त्यांना कळलं नसतं. खाली जायला बारा मिनिटं लागली. वर यायला तीस. वर येताना मामा घामानं निथळले, पण हात थांबला नाही.

घाटाच्या वाळूत उतरता उतरता मास्तरांनी काठी फिरवली.

(४० + प) × १२ = (४० − प) × ३०

"जायचं अंतर आन् यायचं अंतर एकच, मधी आंतरपाट! सोडवा बारके!"

मी सोडवलं. ४८० आणि बारा प, बरोबर १२०० उणे तीस प. दोन्हीकडे तीस पाहुणे बसवले, दोन्हीकडून चारशे ऐंशी उठवले. बेचाळीस प म्हणजे सातशे वीस. आणि पाहुण्यानं नाव सांगितलं, सतरा पूर्णांक एक सप्तमांश.

मास्तरांचा चेहरा पडला. "असलं तिरपागडं नाव कुनाचं आसतंय?" त्यांनी मामांच्या फडक्यातली एक पत्रावळ घेतली, पाण्यात सोडली आणि घड्याळ धरून काठानं तिच्याबरोबर चालत गेले. दहा मिनिटांनी लांबून त्यांची आरोळी आली, "दोनशे पावलं! ईस! मिंटाला ईस!"

गंगा म्हणत होती वीस, समीकरण म्हणत होतं सतरा आणि काहीतरी. परत आले ते धावतच. मी सहज म्हणालो, "पत्रावळीनं काम होत होतं तर नाव कशाला काढली?"

"पत्रावळ किती ते सांगती," ते भडकले, "आपलं कुठं चुकलं ते कोन सांगनार, तुमचा आजा?"

मग त्यांनी खुंट्या मोजल्या, घड्याळ कानाला लावलं, पावलं पुन्हा टाकली. सगळं बराबर. ते वाळूत येरझाऱ्या घालत होते आणि मी मामांकडे बघत होतो. मामा फडक्यातली भाकरी सोडून बसले होते. पहिला तुकडा त्यांनी पाण्यात टाकला आणि हात जोडले. आणि माझ्या डोक्यात लख्ख उजाडलं!

"मामा," मी म्हणालो, "मघाशी खाली जाताना पण तुम्ही हात जोडले होते. देवळासमोर."

"जोडले की. रोजच जोडतो. खाली जाताना मधी देऊळ लागतं. वल्ही वर घेतो, गंगामायला चिमूटभर जवारी वाहतो, आईबापाचं नाव घेतो."

"आणि वर येताना?"

"वर येताना कसं जमल? हात सोडला की ती मागं नेती. मंग मनातच म्हनतो."

मी ते मघाशी माझ्या डोळ्यांनी पाहिलं होतं. मामांचे पुटपुटणारे ओठ, पाण्यावर पडलेले जोंधळ्याचे दाणे, सगळं. आणि मास्तर तेव्हा काट्याकडे बघत होते! मी ओरडलो, "मास्तर, बारापैकी काही मिनिटं वल्हवलंच नाही! मधे नाव नुसती वाहत होती!"

ते जागच्या जागी थिजले. "किती येळ?"

किती ते मोजायचं कसं? मास्तर मामांच्या हातापाया पडले की पुन्हा एकदा देवळापर्यंत चला आणि पुन्हा हात जोडा. मामा रुसले. "देवाच्या कामाला घड्याळ लावता व्हय?" शेवटी मी म्हणालो, "मामा, माझी नोकरी आहे यात." तेव्हा ते उठले. गेलो. देवळासमोर मामांनी वल्ही वर घेतली, दाणे वाहिले, नावं घेतली. या खेपेला त्यात त्यांनी एक नाव जास्तीचं घेतलं असावं असं मला वाटलं, पण मामा म्हणाले, "न्हाई, रोजच्या इतकंच हाय." तीन मिनिटं.

परत आल्यावर मास्तरांनी काठी माझ्या हातात दिली आणि स्वतः तोंड फिरवून उभे राहिले. मी वाळूत लिहिलं, आयुष्यातलं माझं पहिलं, माझं स्वतःचं वाक्य.

(४० + प) × ९ + ३प = (४० − प) × ३०

नऊ मिनिटं मामा आणि गंगा मिळून, तीन मिनिटं एकटी गंगा. तीनशे साठ आणि बारा प, बरोबर बाराशे उणे तीस प. बेचाळीस प, आठशे चाळीस. वीस! बरोबर वीस! मी काठी फेकली आणि वाळूत उड्या मारायला लागलो. मास्तर वळले, वाचलं, आणि मला कवेत घेऊन त्यांनी असं उचललं की माझी टोपी पाण्यात गेली. मग पायानं त्यांनी स्वतःचं समीकरण पुसून काढलं. "माझं ऱ्हाऊ देऊ नका," ते म्हणाले, "तुमचं ऱ्हाऊ द्या. मामा, ह्याच्यावर पाय दिऊ नका बरं का!" मामांनी संध्याकाळपर्यंत घाटावर येणाऱ्या प्रत्येकाला वळसा घालायला लावला.

परीक्षा पल्याड, बीडला होती. मामांनीच नदी उतरवून दिली आणि पैसा घेतला नाही. गणिताचा परचा हातात आला तेव्हा शेवटचं, सगळ्यात जास्त गुणांचं उदाहरण शाब्दिक होतं. सरकारी तलावाच्या खोदाईवर काही मजूर दोन आठवडे लागले. पहिल्या आठवड्यानंतर त्यातले चार निघून गेले. प्रत्येक मजूर दिवसाला चार हात खोदतो, एकूण खोदाई सहाशे बहात्तर हात, तर सुरुवातीला मजूर किती? मी अंगरखा खुंटीला टांगला, पाहुण्याला बसवलं, मानपान सांभाळला. उत्तर आलं सोळा. बाहेर पडलो तेव्हा पाय जमिनीवर नव्हते.

परतीला नाव घाटाला लागायच्या आत थोरले मास्तर पाण्यात उतरून पुढं आले. कसा गेला, बरा आहे का, काही नाही. "परचा द्या!" माझ्या हातातून त्यांनी तो ओढला, दोन-चार ओळी वाचल्या, माझ्या हाती परत कोंबला आणि काठी घेऊन वाळूत बसले. हो, चक्क बसले! काठी सरसर चालली. मी उभा राहून बघत होतो. त्यांनी शेवटची रेघ मारली आणि वर पाहिलं.

"चौदा! झकास उदाहरन! तुमचंबी चौदाच ना?"

चौदा. माझे सोळा. पोरांसारखा मी त्यांच्या आकड्यांकडे बघत राहिलो. ते कुठंच चुकले नव्हते. तलावातलं पाणी माझ्या डोळ्यांत आलं. हसनाबादची वेस दिसली, चार माणसं दिसली, त्यात उभे असलेले वडील दिसले. मामांनी नाव बांधता बांधता विचारलं, "काय झालं वो बारके मास्तर?" मी हातातला परचा पुन्हा उघडला.

पण मजुरांचं उदाहरण होतं ना ते. मजूर माझ्या डोळ्यांपुढं होते. हातात कुदळ, कमरेला फडकं, आणि त्यांतला कुणी जुम्म्याला घरी जाऊन पोराला मांडीवर घेऊन बसलेला. मी परचा थोरल्या मास्तरांपुढं धरला आणि म्हणालो, "मास्तर, शेवटची ओळ वाचली का तुम्ही?"

त्यांनी वाचली. सरकारी काम असल्यानं जुम्म्याला खोदाई बंद राहील, अशी ती ओळ होती. आठवड्याचे सहाच दिवस. त्यांनी सात धरले होते. या माणसाच्या हिशेबात थांबणं कधी नसायचंच. नावेत नाही, तलावावर नाही.

त्या ओळीवर बोट ठेवून ते पुन्हा हिशेब करू लागले. ओठ हलत होते. सोळा मजूर, सहा दिवस, चार हात. मग बारा मजूर, सहा दिवस, चार हात. तीनशे चौऱ्याऐंशी, दोनशे अठ्ठ्याऐंशी. मग ते असे उठले की काठी मोडली.

"मामा! ओ मामा! हे पास झाले!"

"निकाल लागला व्हय?"

"आत्ता लागला! माझं चुकलं, ह्यांचं बराबर आलं! अजून कोनता निकाल पायजे?"

मी रडलो. लाज वाटायचं काही कारण नाही, मी मनसोक्त रडलो, आणि मामांनी माझ्या पाठीवर आपला ओला हात ठेवला.

सरकारी कागद सव्वा महिन्यानं आला. मी पास होतो. तो कागद अंबडच्या कचेरीत दाखल करायचा होता, पण आधी मास्तरांना दाखवावा म्हणून पळत गेलो. त्यांनी वरची बाजू बघितली न बघितली, कागद उलटा केला आणि म्हणाले, "मागून कोराय की!" मी नको नको म्हणेपर्यंत त्यांनी खिशातली पेन्सिल काढून त्यावर उर्दूत लिहिलंसुद्धा: एक मास्तर चाळीस वर्षांचा, दुसरा बावीस वर्षांचा, किती वर्षांपूर्वी पहिला दुसऱ्याच्या तिप्पट होता? माझ्या नोकरीच्या कागदावर! पुसलं तर कागद फाटेल म्हणून मी तो तसाच, घाबरत घाबरत, कचेरीत देऊन आलो.

आठ दिवसांनी शिक्का मारून तो परत आला. नोकरी पक्की झाली होती. मी कागद उलटा केला. मागं, मास्तरांच्या पेन्सिलीखाली, जांभळ्या शाईत, कुणीतरी दोन ओळींत समीकरण मांडलं होतं आणि खाली उर्दू आकड्यात उत्तर लिहिलं होतं, तेरा. कोण कारकून होता, कोण जाणे. सही नव्हती.

मी तो थोरल्या मास्तरांपुढं धरला. त्यांनी वाचला, एकदा, दोनदा. मग वहाण शोधायला लागले.

"कुठं निघालात?"

"अंबडला," ते म्हणाले. "तिथं आपलं एक मानूस हाय."

आणि उन्हाचे, टोपी न घालता, ते चालायलासुद्धा लागले.